दिवाणी केस दुसऱ्या कोर्टात ट्रान्स्फर करायची आहे? नेहमी येणारे प्रश्न

मी तालुका आणि जिल्हा कोर्टात दिवाणी आणि कौटुंबिक कामं बघते. केस ट्रान्स्फरबद्दल रोज कुणी ना कुणी मेसेज करतं आणि बरेचदा तोपर्यंत तीन-चार तारखा चुकलेल्या असतात, म्हणून वारंवार येणारे प्रश्न इथे एकत्र केलेत. प्रश्न लोकांनी जसे विचारले तसेच ठेवलेत. घाईत असाल तर निदान २ आणि ३ नंबरचे प्रश्न तरी नीट वाचा, कारण सगळ्यात जास्त नुकसान तिथेच होताना मी बघितलंय.

१. केस ट्रान्स्फर म्हणजे नक्की काय? इकडची काढून घेऊन तिकडे नवीन टाकायची का?

नाही. ट्रान्स्फर म्हणजे चालू असलेला दावा आहे तसा, म्हणजे दावा, कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर), निशाण्या (नंबर पडलेले अर्ज-कागद), रोजनामा (प्रत्येक तारखेची नोंद) सगळं रेकॉर्ड घेऊन, वरच्या कोर्टाच्या ऑर्डरने दुसऱ्या कोर्टात पाठवणं. तिकडे नवीन नंबर पडतो पण दावा तोच राहतो, दाखल झाल्याची तारीखही तीच. स्वतः दावा काढून घेऊन दुसरीकडे नवीन टाकणं ही वेगळी गोष्ट आहे, त्यात मुदत, कोर्ट फी, परत दावा करायची परवानगी असे दहा प्रश्न उभे राहतात, त्यामुळे कुणी सहज बोलून गेलं म्हणून पुरशीस (कोर्टाला लेखी निवेदन) देऊन दावा काढून घेऊ नका. हा सगळा विषय दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ च्या कलम २२ ते २५ मध्ये आहे.

२. अर्ज कुठे टाकायचा? ज्या कोर्टात केस चालू आहे तिथेच ना?

तिथे नाही टाकायचा, आणि पहिली चूक इथेच होते. खालचं कोर्ट स्वतःची केस स्वतः दुसऱ्या कोर्टात पाठवू शकत नाही, ते काम वरच्या कोर्टाचं. कुठलं वरचं कोर्ट ते ठरवायला एकच गोष्ट बघायची, जिथून काढायचंय आणि जिथे न्यायचंय ती दोन्ही कोर्टं कुणाच्या हाताखाली येतात.

दोन्ही एकाच जिल्ह्यात असतील, समजा बारामतीहून पुण्याला किंवा एकाच इमारतीत एका दिवाणी न्यायाधीशांकडून दुसऱ्यांकडे, तर प्रधान जिल्हा न्यायाधीशांकडे कलम २४ खाली अर्ज. जिल्हे वेगळे पण राज्य एकच, समजा जळगावहून पुण्याला, तर मुंबई हायकोर्ट, तिथे त्याला मिसलेनियस सिव्हिल अॅप्लिकेशन म्हणतात, वकिलांच्या तोंडी एमसीए. राज्यं वेगळी आणि हायकोर्टंही वेगळी, जसं बेळगावहून कोल्हापूर किंवा इंदूरहून नाशिक, तर कलम २५ खाली थेट सुप्रीम कोर्ट. गोव्याचं थोडं वेगळं आहे, त्यासाठी प्रश्न १२ बघा.

फॅमिली कोर्टातली केस असेल तर जिल्हा न्यायाधीशांकडे जाऊ नका, फॅमिली कोर्ट त्यांच्या हाताखाली येत नाही, त्यासाठी हायकोर्टच.

कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झालंय, त्यामुळे तिकडच्या लोकांना आधीसारखं रात्रीच्या गाडीने मुंबई गाठावी लागत नाही. हे झालं ते फार चांगलं झालं.

३. ट्रान्स्फरचा अर्ज टाकलाय, आता इकडच्या तारखेला गेलं नाही तर चालेल ना?

नाही चालणार. नुसता अर्ज दाखल झाला म्हणून खालची केस थांबत नाही. वरच्या कोर्टाने स्पष्ट स्टे दिला आणि त्याची ऑर्डर खालच्या कोर्टात दाखल झाली तरच थांबते. तोपर्यंत प्रत्येक तारखेला तुम्ही नाहीतर तुमचा वकील हजर हवा.

माझ्याकडे एक ताई आल्या होत्या, लहान बाळ, माहेर साडेतीनशे किलोमीटर लांब, त्यांना कुणीतरी सांगितलं की हायकोर्टात अर्ज गेलाय म्हणजे आता काळजी नको, आणि त्या चार तारखा गेल्याच नाहीत. अर्जाची नोटीस समोरच्याला लागायच्या आधीच इकडे एकतर्फी घटस्फोटाचा निकाल लागला होता. मग तो निकाल रद्द करून घ्यायला दिवाणी संहितेच्या ऑर्डर ९ रूल १३ चा अर्ज, त्याची मुदत ३० दिवस, ती उलटून गेलेली म्हणून उशीर माफीचा अर्ज वेगळा. जे काम एका तारखेच्या अर्जाने झालं असतं त्यासाठी दीड वर्ष गेलं. मला अजून वाईट वाटतं त्याचं.

तर काय करायचं, वरच्या कोर्टात अर्ज दाखल झाला की त्याची कॉपी आणि नंबर लावून खालच्या कोर्टात तारीख मागायचा अर्ज द्यायचा. बरेच न्यायाधीश एक-दोन तारखा देतात, पण देतीलच असं नाही, त्यामुळे वरच्या अर्जातच अंतरिम स्थगितीची मागणी लिहा आणि वकिलाला पहिल्याच सुनावणीत ती मागायला सांगा. जाणं खरंच शक्य नसेल तर तिथल्या स्थानिक वकिलाचं वकीलपत्र तरी दाखल करून ठेवा.

४. मी प्रतिवादी आहे. एक वकील म्हणतात कलम २२, दुसरे म्हणतात २४. फरक काय?

कलम २२ फक्त प्रतिवादीसाठी आहे आणि फक्त अशा दाव्यासाठी जो कायद्याने दोन किंवा जास्त कोर्टांत टाकता आला असता. उदाहरणार्थ करार नाशिकला झाला, तुम्ही राहता साताऱ्यात, दोन्हीकडे दावा चालला असता पण वादीने सोयीचं म्हणून नाशिक निवडलं. तुम्ही म्हणू शकता की साताऱ्याला चालवा, पण हे लवकरात लवकर आणि मुद्दे काढायच्या (कोर्ट वादाचे प्रश्न ठरवतं त्या) वेळी किंवा त्याआधीच मागावं लागतं, आणि आधी समोरच्यांना नोटीस द्यावी लागते. मुद्दे निघाले की २२ चा रस्ता बंद.

कलम २४ मोठं आहे. वादी, प्रतिवादी कुणीही मागू शकतो, कुठल्याही टप्प्यावर, आणि कोर्ट स्वतःहूनही ट्रान्स्फर करू शकतं (एका कोर्टावर कामाचा बोजा फार झाला की जिल्हा न्यायाधीश केसेस वाटून देतात). प्रत्यक्षात बहुतेक अर्ज २४ खालीच असतात.

५. कुठल्या कारणासाठी ट्रान्स्फर मिळते?

कायद्यात कारणांची यादी दिलेली नाही. सुप्रीम कोर्टाने २००८ मध्ये कुलविंदर कौर विरुद्ध कांडी फ्रेंड्स एज्युकेशन ट्रस्ट या निकालात कशाचा विचार करायचा ते सांगितलंय, दोन्ही बाजूंची सोय-गैरसोय, साक्षीदार आणि पुरावा कुठे आहे, वादाचं स्वरूप, निष्पक्ष सुनावणी होणार नाही अशी वाजवी भीती, कायद्याचे महत्त्वाचे प्रश्न, आणि शेवटी न्यायाचं हित.

आपल्याकडे चालताना दिसतात ती कारणं म्हणजे एकाच वादावर दोन कोर्टांत दोन दावे चालू असणं (एकत्र चालवले नाहीत तर उलटसुलट निकाल यायची भीती), जिवाला धोका आणि त्याची पोलिसात तक्रार, बाळंतपण, गंभीर आजार, अपंगत्व, न्यायाधीशांचं समोरच्याशी नातं. न चालणारी कारणं म्हणजे तिकडे आमचे ओळखीचे वकील आहेत, इकडे तारखा फार पडतात, प्रवासाचा कंटाळा येतो. आणि सगळ्यात कमकुवत कारण कुठलं ते पुढच्या प्रश्नात.

६. न्यायाधीश समोरच्याचंच ऐकतात, आमचे तीन अर्ज फेटाळले. केस बदलून मिळेल का?

निव्वळ अर्ज फेटाळले म्हणून नाही मिळणार. विरोधात गेलेल्या ऑर्डरला उत्तर म्हणजे अपील किंवा रिट. न्यायाधीश कोर्टात रागाने बोलले एवढ्यानेही होत नाही. भीती खरी वाटायला हवी, म्हणजे तुमच्या जागी दुसरा कुठलाही समंजस माणूस असता तरी त्यालाही तसंच वाटलं असतं अशा घटना हव्यात, तारखेसकट. अशा अर्जावर जिल्हा न्यायाधीश बरेचदा त्या न्यायाधीशांचं म्हणणं मागवतात, त्यामुळे रागाच्या भरात पैसे घेतले वगैरे काहीही लिहू नका, पुरावा नसताना असं लिहिलं तर अर्ज तर जातोच, वर अवमानाची भानगड मागे लागू शकते. हे मी कुणाला घाबरवायला सांगत नाहीये. पण खरी तक्रार असलेल्या माणसाचा अर्ज सुद्धा अशा एका वाक्यामुळे वाया जातो.

७. नवऱ्याने त्याच्या गावी घटस्फोटाची केस टाकलीय, मी माहेरी, मूल लहान, कमाई नाही. काय करू?

ट्रान्स्फरच्या अर्जांमध्ये हे सगळ्यात जास्त येतं आणि सगळ्यात जास्त मंजूरही होतं. वैवाहिक वादात पत्नीची सोय बघावी हे सुप्रीम कोर्टाने अनेकदा सांगितलंय, एन.सी.व्ही. ऐश्वर्या विरुद्ध ए.एस. सरवण कार्तिक शा या २०२२ च्या निकालात तर दोघांची आर्थिक परिस्थिती, लग्नाआधीचं आणि नंतरचं राहणीमान, कोण कुणावर अवलंबून आहे हे बघून साधारणपणे पत्नीची सोय विचारात घ्यायची असं म्हटलंय.

पण आपोआप मिळतं असं समजू नका. अनिंदिता दास विरुद्ध श्रीजित दास, २००६, यात सुप्रीम कोर्टानेच म्हटलं की या सवलतीचा गैरवापर व्हायला लागलाय, आणि ट्रान्स्फर नाकारून नवऱ्याला पत्नीचा येण्याजाण्याचा आणि राहण्याचा खर्च द्यायला सांगितला. म्हणून अर्जात तुमची खरी अडचण मोजून लिहा. अंतर किती, एसटी किंवा ट्रेनने किती तास, थेट गाडी आहे का, रात्री मुक्काम करावा लागतो का, मूल किती महिन्यांचं, बरोबर यायला कुणी आहे का, पोटगी मिळते का आणि मिळत असेल तर थकलीय का. खूप गैरसोय होते असं मोघम लिहिलेल्या अर्जापेक्षा सकाळी पाचला निघून रात्री बाराला पोचते हे लिहिलेला अर्ज जास्त बोलतो.

८. मी नवरा आहे, आईवडील आजारी आहेत, मला ट्रान्स्फर मिळूच शकत नाही का? आणि व्हिडिओ कॉन्फरन्सने नाही का चालवता येत?

मिळू शकते, कायदा नवरा-बायको असा भेद करत नाही. आईवडिलांचे मेडिकलचे कागद, तुमचं स्वतःचं आजारपण, तिकडे गेल्यावर झालेली मारहाण आणि त्याची तक्रार हे सगळं बघितलं जातं. पत्नीच्या ट्रान्स्फरच्या अर्जाला विरोध करतानाही नुसतं नको म्हणण्यापेक्षा प्रवासखर्च द्यायची तयारी दाखवलीत तर फरक पडतो.

व्हिडिओ कॉन्फरन्सचं असं झालं की मार्च २०१७ मध्ये कृष्णवेणी नागम केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ट्रान्स्फरऐवजी व्हीसीचा पर्याय सुचवला, पण त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये संथिनी विरुद्ध विजया वेंकटेश यात तीन न्यायाधीशांच्या खंडपीठाने बहुमताने तो निर्णय फिरवला. त्यानुसार आधी ट्रान्स्फरचा निर्णय होतो, समेटाचे प्रयत्न संपल्यावर दोघांनी मिळून मागितलं तर फॅमिली कोर्ट व्हीसीला परवानगी देऊ शकतं.

९. त्याने नाशिकला घटस्फोट टाकला, मी नंतर धुळ्याला. कोण कुठे जाणार?

हिंदू विवाह कायद्याचं कलम २१अ सांगतं की एकाने घटस्फोट किंवा न्यायिक विभक्ततेचा अर्ज टाकल्यावर दुसऱ्याने तसाच अर्ज वेगळ्या जिल्ह्यात टाकला तर नंतरचा अर्ज आधीच्या कोर्टात जातो आणि दोन्ही एकत्र चालतात. म्हणजे इथे तुमचा नाशिकला.

पण हे फक्त त्या दोन प्रकारच्या अर्जांना. एकाचा अर्ज नांदायला येण्यासाठीचा असेल, म्हणजे कलम ९ चा, तर २१अ लागत नाही, मग दिवाणी संहितेच्या कलम २४ खाली मागायचं. आणि २१अ असलं तरी वरच्या कोर्टाचे ट्रान्स्फरचे अधिकार संपत नाहीत, सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्येच गुडा विजयालक्ष्मी केसमध्ये दिवाणी संहितेच्या कलम २५ बद्दल हे सांगितलंय. त्यामुळे तुमची अडचण मोठी असेल तर नवऱ्याची आधीची केस धुळ्याला आणायचा अर्ज करता येतो. एक लक्षात ठेवा, २००३ च्या दुरुस्तीपासून पत्नीला स्वतः राहते तिथल्या कोर्टात अर्ज टाकता येतो, त्यामुळे तुमची धुळ्याची केस चुकीची नाही.

१०. जमीन गावाला साताऱ्यात, वाटपाचा दावा तिथे चालू, आम्ही सगळे भाऊ मुंबईत. दावा मुंबईला आणता येईल का?

अर्ज करता येईल, मिळणं अवघड. स्थावर मिळकतीचा दावा मिळकत जिथे तिथेच टाकायचा हा कलम १६ चा नियम आहे आणि त्याला कारण आहे, सातबारा, फेरफार, मोजणी, कोर्ट कमिशनर, शेजारचे साक्षीदार सगळं तिथलंच. फक्त तारखेला जायचं म्हणून कोर्ट हे सगळं मुंबईला आणणार नाही. त्यापेक्षा गावच्या कोर्टात चांगला वकील, एका भावाला कुलमुखत्यारपत्र, आणि सगळे भाऊ बसून तडजोडीचा प्रयत्न. लोकअदालतीत वाटपाचे दावे मिटतात, मिटलेले मी बघितलेत.

११. अर्जासोबत काय काय लागतं? आणि वकिलाला द्यायला पैसे नसतील तर?

मूळ दाव्याची कॉपी, आलेलं समन्स, रोजनाम्याची नक्कल, केसचा सीएनआर नंबर (प्रत्येक केसला मिळणारा स्वतंत्र नंबर, १६ आकडे-अक्षरं असतात, ई-कोर्ट्सच्या वेबसाइटवर त्याने तारीख पण बघता येते), दुसरी केस असेल तर तिचे कागद, आणि तुम्ही जी कारणं देताय त्यांचे पुरावे, म्हणजे मेडिकल, मुलाचा जन्मदाखला किंवा शाळेचा दाखला, पोलिस तक्रार, पोटगीची ऑर्डर. सोबत अॅफिडेव्हिट. समोरच्याला नोटीस निघते, तो से म्हणजे लेखी म्हणणं देतो, मग ऐकून ऑर्डर.

पैशांचं म्हणाल तर महिलांना उत्पन्न कितीही असलं तरी सरकारी खर्चाने वकील मिळू शकतो, विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ मध्ये हे आहे, अनुसूचित जाती-जमातीच्या आणि अपंग व्यक्तींनाही. जिल्हा कोर्टाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं, हायकोर्ट आणि सुप्रीम कोर्टासाठीही समित्या आहेत. लाज वाटून घेऊ नका, हा हक्क आहे.

१२. केस मडगावला आहे, मी पुण्यात. राज्य वेगळं म्हणजे सुप्रीम कोर्टात जायचं ना?

नाही जावं लागत! गोवा आणि महाराष्ट्र दोन्ही मुंबई हायकोर्टाच्याच अखत्यारीत आहेत. दोन राज्यांचं हायकोर्ट एकच असेल तर ते हायकोर्ट कलम २४ खाली एका राज्यातून दुसऱ्या राज्यात केस पाठवू शकतं असा निकाल सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०२३ मध्ये शाह नवाज खान विरुद्ध नागालँड राज्य यात दिला. तो वाद गुवाहाटी हायकोर्टाचा होता पण तत्त्व आपल्यालाही तेच लागतं.

१३. बेळगावची केस कोल्हापूरला आणायचीय. मुंबई किंवा कर्नाटक हायकोर्टात नाही का होणार? दिल्ली परवडत नाही.

नाही होणार. कलम २३(३) वाचून काही जण ज्या राज्यात केस आहे त्या हायकोर्टात जातात, पण दुर्गेश शर्मा विरुद्ध जयश्री या २००८ च्या निकालाने स्पष्ट झालं की एक हायकोर्ट दुसऱ्या हायकोर्टाच्या हाताखालच्या कोर्टात केस पाठवू शकत नाही, ते फक्त सुप्रीम कोर्ट कलम २५ खाली करतं.

दिल्लीची भीती थोडी कमी करते. तारखेला तुम्ही स्वतः जायची गरज नसते, तिथले अॅडव्होकेट ऑन रेकॉर्ड (सुप्रीम कोर्टात केस दाखल करायचा अधिकार असलेले वकील) अर्ज दाखल करतात, ई-फायलिंग आहे, तुमचं अॅफिडेव्हिट इथे नोटरीकडे करून पाठवता येतं. नवरा-बायकोच्या केसेसमध्ये सुप्रीम कोर्ट बरेचदा मध्यस्थीला पाठवतं आणि तिथेच सगळं मिटून संमतीने घटस्फोटापर्यंत जातं. मात्र अर्ज त्रास द्यायला टाकलाय असं दिसलं तर समोरच्याला २००० रुपयांपर्यंत भरपाई द्यायला लावायची तरतूद कलम २५ मध्ये आहे.

१४. केस मुळातच चुकीच्या कोर्टात टाकलीय. तेव्हा पण ट्रान्स्फर का?

इथे दोन रस्ते आहेत आणि परिणाम अगदी वेगळे. ऑर्डर ७ रूल १० खाली ते कोर्ट दावा परत करू शकतं, योग्य कोर्टात दाखल करा म्हणून. पण मग योग्य कोर्टात दावा पहिल्यापासून चालतो, झालेला पुरावा सोबत येत नाही, हे २०२० च्या ईएक्सएल करिअर्स निकालात पक्कं झालं. मुदतीसाठी मधला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वजा मागता येतो.

दुसरा रस्ता कलम २४(५), अधिकार नसलेल्या कोर्टातूनही दावा ट्रान्स्फर होऊ शकतो. बराच पुरावा झालेला असेल तर वादीने हा आधी बघावा. प्रतिवादी असाल तर हद्दीची हरकत पहिल्याच संधीला घ्या, नंतर दिवाणी संहितेचं कलम २१ आडवं येतं, उशिरा घेतलेली हरकत ऐकली जात नाही.

१५. ट्रान्स्फर झाल्यावर साक्षी, उलटतपास परत पहिल्यापासून? आणि मिळालेला मनाई हुकूम?

कलम २४(२) प्रमाणे नवीन कोर्ट केस जिथे थांबली तिथून पुढे चालवू शकतं किंवा परत पहिल्यापासून, ट्रान्स्फरच्या ऑर्डरमध्ये काही वेगळं सांगितलं नसेल तर. साधारण तिथूनच पुढे चालते. मनाई हुकूमही ट्रान्स्फर झाली म्हणून उडत नाही. ऑर्डरमध्ये नवीन कोर्टात हजर राहायची तारीख दिलेली असेल ती लिहून ठेवा, रेकॉर्ड पोचलं का ते स्वतः विचारा, मध्ये महिनोन्‌महिने फाइल अडकते.

१६. निकाल लागलाय, हुकूमनामा पुण्याचा, पण देणेकऱ्याची मालमत्ता नागपूरला. ट्रान्स्फर करायची का?

याला कलम २४ लागत नाही. हुकूमनामा (निकालावरून निघालेला कोर्टाचा अंतिम आदेश) अंमलबजावणीसाठी दुसऱ्या कोर्टाकडे पाठवणं हे कलम ३९, आणि तो अर्ज ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला तिथेच करायचा. प्रश्न २ मधला वरच्या कोर्टाचा नियम इथे लागत नाही. पुण्याचं कोर्ट नागपूरच्या मालमत्तेवर स्वतः अंमलबजावणी करू शकत नाही, ३९(४) मध्ये हे आहे. चालू दरखास्त (अंमलबजावणीची केस) एका कोर्टातून दुसऱ्यात हलवायची असेल तर मात्र कलम २४ लागतं.

१७. घरगुती हिंसाचाराची आणि पोटगीची केस पण याच अर्जात येईल का?

मॅजिस्ट्रेटपुढची केस असेल तर तिला दिवाणी संहितेचं कलम २४ लावू नका. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं ४४६ सुप्रीम कोर्टासाठी, ४४७ हायकोर्टासाठी आणि ४४८ सेशन्स कोर्टासाठी आहेत. अर्ज वेगळा करा, पण दोन्ही अर्जांत एकमेकांचा उल्लेख ठेवा.

१८. नवऱ्याने अमेरिकेतल्या कोर्टात घटस्फोट टाकलाय, ती केस भारतात ट्रान्स्फर होईल का?

नाही, आपलं कुठलंही कोर्ट परदेशातली केस उचलून आणू शकत नाही. पण समन्सकडे दुर्लक्षही करू नका. तिकडच्या कोर्टाचा अधिकार मान्य नाही हे कळवायचं कसं आणि इथे कुठली केस टाकायची हे त्याच आठवड्यात वकिलाशी बोला, कारण काही न कळवता तिकडे हजर होऊन केस लढवलीत तर तुम्ही अधिकार मान्य केला असं धरलं जाऊ शकतं.

१९. ट्रान्स्फरचा अर्ज फेटाळला. अपील कुठे?

कलम २४ खालच्या ऑर्डरवर अपील नाही. जिल्हा न्यायाधीशांनी फेटाळला तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली हायकोर्टात रिट, हायकोर्टाने फेटाळला तर सुप्रीम कोर्टात विशेष अनुमती याचिका, पण तिथे हात घालतात ते क्वचितच. नंतर परिस्थिती खरंच बदलली, आजार वाढला, हल्ला झाला, तर नवीन कारणावर नवीन अर्ज करता येतो. आणि या सगळ्यात खालच्या कोर्टातली पुढची तारीख कधी आहे ते आज बघून घ्या, प्रश्न ३ मध्ये का ते लिहिलंय.